२२१-बी, बेकर स्ट्रीट : कधीच न राहिलेल्या भाडेकरूंची खोली

१/
१९५१ च्या उन्हाळ्यात ५४,००० हून अधिक माणसे लंडनमधील बेकर स्ट्रीटवरच्या एका इमारतीत शिरून एक बैठकीची खोली पाहून गेली. खोलीत शेकोटी होती, व्हायोलिन होते, तंबाखू ठेवलेली इराणी सपात होती. ज्या दोघांची म्हणून ती खोली मांडली होती, ते दोघे या पृथ्वीवर कधी जन्मलेच नव्हते. काल्पनिक पात्रांभोवती रचलेल्या एका नागरी उपक्रमाचा आणि त्यावरून पेटलेल्या वादाचा हा इतिहास. (धागा)

२/
या कथेची सुरुवात शंभर वर्षे मागे जाते. १८५१ साली लंडनच्या हाइड पार्कात क्रिस्टल पॅलेस उभारून ब्रिटनने आपल्या औद्योगिक वैभवाचे भव्य प्रदर्शन भरवले होते. त्याच्या शताब्दीनिमित्त १९५१ मध्ये ‘फेस्टिव्हल ऑफ ब्रिटन’ साजरा करण्याचे मजूर पक्षाच्या सरकारने ठरवले. मुख्य सोहळा थेम्सच्या दक्षिण तीरावर व्हायचा होता. मात्र उत्सव तेवढ्यापुरता राहू नये, गावोगावच्या स्थानिक संस्थांनीही आपापल्या परीने त्यात भर घालावी, अशी अपेक्षा होती.

३/
शंभर वर्षांपूर्वीचे वैभव मात्र आता उरले नव्हते. युद्ध संपून सहा वर्षे झाली, तरी रेशनकार्ड घरोघरी होतेच. चहावरचे नियंत्रण उठायला १९५२ चा ऑक्टोबर उजाडला, गोळ्या-चॉकलेटे १९५३ मध्ये मोकळी झाली, मांसासाठी १९५४ पर्यंत थांबावे लागले. घरगुती कोळशावरचे निर्बंध तर १९५८ पर्यंत टिकले. जिंकलेल्या देशात शेकोटी पेटवतानाही कोळसा मोजून टाकावा लागत होता.

४/
त्याहून मोठी टंचाई होती ती घरांची. जर्मन बॉम्बफेकीने लंडनचे मोहल्लेच्या मोहल्ले उद्ध्वस्त केले होते. १९४६ च्या उन्हाळ्यात बेघर कुटुंबे रिकाम्या लष्करी छावण्यांत घुसून राहू लागली. सप्टेंबरात लंडनमधील श्रीमंत वस्तीतल्या रिकाम्या सदनिकांवरही लोकांनी ताबा मिळवला. जी घरे उभी होती त्यांतली कित्येक ओल धरलेली, कोंदट, एकेका खोलीत कुटुंब कोंबलेली होती. जुन्या झोपड्या आणि चाळी हटवून नवी घरे बांधणे हा त्या काळातल्या प्रत्येक नगरसंस्थेपुढचा पहिला प्रश्न होता.

५/
याच पार्श्वभूमीवर सेंट मेरिलबोन बरो कौन्सिलपुढे विषय आला : उत्सवात आपण काय दाखवायचे? बेकर स्ट्रीट ही याच कौन्सिलच्या हद्दीतली. सार्वजनिक ग्रंथालयाच्या बाजूने सूचना आली की आपल्या हद्दीतील सर्वांत प्रसिद्ध रहिवासी म्हणजे शेरलॉक होम्स. तेव्हा प्रदर्शन त्याचेच भरवावे.

६/
या सूचनेला विरोध झाला. विरोधकांचे म्हणणे असे की कौन्सिलने दाखवायचेच असेल तर गलिच्छ वस्त्यांच्या निर्मूलनाचे आपले काम दाखवावे. ते खरे आहे, लोकांच्या पैशातून झालेले आहे आणि लोकांच्या उपयोगाचे आहे. कादंबरीतल्या गुप्तहेराचे कौतुक करण्यात नगरसंस्थेचा काय संबंध?

७/
आज हा आक्षेप ऐकून हसू येण्याचा संभव आहे. पण तो अरसिकांचा आक्षेप म्हणून उडवून लावणे अन्यायाचे ठरेल. छप्पर मागणारे लोक दाराशी उभे असताना, अस्तित्वातच नसलेल्या माणसासाठी खोली सजवण्यात सार्वजनिक पैसा आणि श्रम घालावेत काय, हा प्रश्न रास्त होता. त्याला उत्तर देणे भाग होते. ते उत्तर आले मात्र अगदीच अनपेक्षित दिशेने.

८/
१९५० च्या शरद ऋतूत ‘द टाइम्स’च्या पत्रव्यवहारात या वादावर पत्रे झळकू लागली. एका पत्राखाली सही होती डॉ. वॉटसन यांची. मागोमाग होम्सचा थोरला भाऊ मायक्रॉफ्ट आणि घरमालकीण मिसेस हडसन यांच्या नावानेही पत्रे आली. कथेतली पात्रे आपल्या बाजूने स्वतःच लढायला उतरली! पत्रलेखकांनी चेहरा जराही हलू न देता हा विनोद निभावला आणि मेरिलबोनच्या कौन्सिलमधला स्थानिक वाद देशभरच्या वाचकांपुढे गेला.

९/
या गंभीर थट्टेलाही एक परंपरा होती. १९११ मध्ये ऑक्सफर्ड येथे रोनाल्ड नॉक्स या तरुण विद्वानाने होम्सकथांवर एक निबंध वाचला. धर्मग्रंथांची किंवा ग्रीक महाकाव्यांची चिकित्सा ज्या पद्धतीने करतात, त्याच पद्धतीने त्याने या कथांतील विसंगती तपासल्या. पुढे चाहत्यांनी यालाच ‘खेळ’ म्हटले. खेळाचा नियम एकच : होम्स आणि वॉटसन खरोखर होऊन गेले असे मानायचे, आर्थर कॉनन डॉयल यांना केवळ वॉटसनचे साहित्यिक प्रतिनिधी समजायचे आणि सारा युक्तिवाद पुराव्यानिशी करायचा.

१०/
अखेर होम्सचा पक्ष सरस ठरला. आता जागेचा प्रश्न होता, आणि या कथेतला पत्त्याचा इतिहास स्वतंत्रपणे सांगण्याजोगा आहे. डॉयल यांनी १८८७ मध्ये ‘अ स्टडी इन स्कार्लेट’ प्रसिद्ध केली तेव्हा बेकर स्ट्रीटवर २२१ क्रमांकाचे घरच नव्हते. रस्त्याचे क्रमांक तिथवर पोचत नव्हते. १९३० मध्ये पुढची अप्पर बेकर स्ट्रीट याच नावाखाली आली आणि नवे क्रमांक पडले. योगायोग असा की डॉयल यांचे निधनही त्याच वर्षी झाले. कल्पनेतला पत्ता प्रत्यक्षात आला तो हा असा.

११/
१९३२ मध्ये त्या जागी अ‍ॅबी हाउस ही इमारत उभी राहिली. घरबांधणीसाठी कर्ज देणाऱ्या एका मोठ्या संस्थेचे ते मुख्यालय. १९४४ च्या विलीनीकरणानंतर ती ‘अ‍ॅबी नॅशनल’ या नावाने ओळखली जाऊ लागली. इमारतीच्या क्रमांकांत २२१ समाविष्ट असल्याने होम्सच्या नावाची पत्रे तेथे येऊ लागली. कोणी हरवलेली वस्तू शोधून मागे, कोणी नुसतीच विचारपूस करी. या पत्रांना उत्तरे देण्यासाठी संस्थेने पुढे एका सचिवाचीच नेमणूक केली. प्रदर्शनासाठी याहून योग्य वास्तू लंडनमध्ये दुसरी नव्हती.

१२/
जागा ठरली, आता मांडायचे काय? लेखकाचे प्रदर्शन असते तर हस्तलिखिते आणि छायाचित्रे काचेत ठेवून भागले असते. पण लोकांचे प्रेम पात्रांवर होते, आणि पात्रांचे सामान कोठून आणणार? म्हणून प्रदर्शनाच्या केंद्रस्थानी होम्स आणि वॉटसन यांची बैठकीची खोलीच पूर्ण आकारात उभी करण्याचे ठरले. ते काम मायकेल वेट या नेपथ्यकाराकडे गेले.

१३/
ही निवड फार मार्मिक होती. होम्सच्या ५६ कथा आणि ४ कादंबऱ्यांत खून, दरोडे, विषप्रयोग, फसवणूक यांची रेलचेल आहे. तरीही वाचकाच्या मनात घर करते ती खोली. बाहेर धुके, गल्लीत घोडागाडीचा खडखडाट, आत विस्तव आणि दोन मित्र. मग जिन्यावर पावले वाजतात आणि कोणी घाबरलेला माणूस दारात उभा राहतो. अनेक कथा याच खोलीत सुरू होतात आणि याच खोलीत येऊन निवतात. जगातला सारा गोंधळ येथे आणून ठेवावा आणि त्याची उकल होऊन जावी, अशी ही जागा.

१४/
पण ही खोली मुळात निर्माण कशी झाली? पहिल्या कादंबरीच्या आरंभी याचे उत्तर आहे, आणि त्यात मुंबईचाही उल्लेख येतो. तरुण लष्करी डॉक्टर वॉटसन मुंबई बंदरात उतरतो, तेव्हा त्याची तुकडी दुसऱ्या अफगाण युद्धासाठी पुढे निघून गेलेली असते. तो तिला जाऊन मिळतो. २७ जुलै १८८० च्या मैवंदच्या लढाईत तो जखमी होतो. ही लढाई खरी. तीत ब्रिटिशांचा दारुण पराभव झाला आणि बॉम्बे आर्मीच्या पलटणींतील असंख्य भारतीय शिपाई कामी आले. वॉटसन मात्र पेशावरच्या इस्पितळात आजारातून कसाबसा वाचतो आणि खंगलेल्या शरीराने लंडनला परततो.

१५/
लंडनमध्ये त्याला ना नातलग, ना घर. दिवसाला साडेअकरा शिलिंग एवढ्या तुटपुंज्या भत्त्यावर हॉटेलात राहणे परवडेना. तेवढ्यात एक जुना परिचित सांगतो की शेरलॉक होम्स नावाच्या गृहस्थाला चांगल्या खोल्या सापडल्या आहेत, पण एकट्याला भाडे झेपत नाही, म्हणून तो जोडीदार शोधतो आहे. दोघे भेटतात, भाडे निम्मे निम्मे होते, आणि इंग्रजी साहित्यातील सर्वांत प्रसिद्ध मैत्रीला आरंभ होतो. या साऱ्या वैभवाच्या मुळाशी घरभाड्याची अडचण आहे.

१६/
हे ध्यानात घेतले की मेरिलबोनच्या वादाकडे निराळ्या नजरेने पाहता येते. एक पक्ष म्हणत होता, घरांविषयी बोला. दुसरा म्हणत होता, होम्सविषयी बोला. युद्धातून परतलेला, आजारी, निराधार माणूस आणि त्याला परवडेल अशी उबदार खोली : १८८७ च्या कादंबरीचा हा आरंभ १९५१ च्या लंडनमधील हजारो माजी सैनिकांना परका नव्हता.

१७/
आता प्रत्यक्ष कामाकडे वळू. साठ कथा-कादंबऱ्या हाच नेपथ्यकाराचा दस्तऐवज, आणि हा साक्षीदार भरवशाचा नव्हता. पहिल्या कादंबरीत खोलीला दोन रुंद खिडक्या आहेत. पुढे एका कथेत वॉटसन रस्त्यावर झुकलेल्या धनुष्याकृती खिडकीत उभा दिसतो. त्याची स्वतःची जखमही पहिल्या कादंबरीत खांद्याला आहे, दुसरीत पायाला. जिन्याच्या पायऱ्या सतरा, हे मात्र होम्स स्वतः मोजून सांगतो. डॉयल भराभर लिहीत आणि मागचे ताडून पाहत नसत. परस्परविरोधी साधनांतून एकच वास्तू उभी करायची, म्हणजे इतिहासकारापुढचे नेहमीचे संकटच!

१८/
वस्तूंच्या बाबतीत मूळ संहिता उदार होती. ‘द मस्ग्रेव्ह रिच्युअल’ या कथेत वॉटसन आपल्या सोबत्याच्या अव्यवस्थितपणाची तक्रार करतो : चिरूट कोळशाच्या बादलीत, तंबाखू इराणी सपातेच्या टोकात, उत्तरे न दिलेली पत्रे चाकू खुपसून शेकोटीवरच्या लाकडी फळीला ठोकलेली. भिंतीवर पिस्तुलाच्या गोळ्यांनी कोरलेली व्हिक्टोरिया राणीची आद्याक्षरे. यांच्या जोडीला व्हायोलिन, रसायनांचे मेज, आणि ‘द एम्प्टी हाउस’ या कथेत शत्रूची गोळी झेलणारा होम्सचा मेणाचा अर्धपुतळा.

१९/
खोलीचा जिव्हाळा याच पसाऱ्यातून येतो. राजवाड्यातले दालन पाहताना माणूस दबून जातो. येथे प्रत्येक वस्तू कोणीतरी नुकतीच हाताळून ठेवल्यासारखी होती. राहणारे दोघे एवढ्यात तातडीच्या कामावर बाहेर पडले असावेत, असा भास निर्माण करणे हाच मांडणीचा हेतू होता. पात्रांचे चेहरे प्रत्येक वाचकाच्या मनात वेगळे असतात. त्यांच्या वस्तू मात्र सर्वांच्या सारख्याच असतात, कारण त्या शब्दांत नोंदलेल्या आहेत. योजकांनी भर दिला तो या सामाईक ठेव्यावर.

२०/
मे ते सप्टेंबर १९५१ या काळात प्रदर्शन खुले राहिले. दक्षिण तीरावरच्या मुख्य सोहळ्याला सुमारे ८५ लाख लोकांनी भेट दिली; त्यापुढे एका खोलीचे ५४,००० प्रेक्षक थोडे वाटतील. पण तेथे होते ते भविष्य : नवे विज्ञान, नवी वास्तुकला, आकाशात टांगल्यासारखा दिसणारा स्कायलॉनचा निमुळता मनोरा. बेकर स्ट्रीटवर होता भूतकाळ, आणि तोही कधी न घडलेला. दमलेल्या शहराला दोन्हींची गरज होती.

२१/
मात्र या उबेची दुसरी बाजूही पाहिली पाहिजे. होम्सकथांना रम्य बनवणारे लंडनचे धुके ही केवळ निसर्गाची देणगी नव्हती. घराघरातल्या कोळशाच्या धुराने ते दाट झालेले असे. प्रदर्शनानंतर सव्वा वर्षाने, डिसेंबर १९५२ मध्ये, लंडनवर पाच दिवस विषारी धुरके साचले आणि हजारो माणसे मृत्युमुखी पडली. १९५६ मध्ये स्वच्छ हवेचा कायदा करावा लागला. खोलीतली आरामदायक शेकोटी आणि रस्त्यावरची गुदमर यांचे इंधन एकच होते.

२२/
साम्राज्याचेही तसेच. १८९० च्या ‘द साइन ऑफ फोर’मध्ये सारे कारस्थान आग्र्याहून लुटलेल्या खजिन्याभोवती फिरते, आणि अंदमानच्या आदिवासीचे तेथले चित्रण आज वाचवत नाही. १९४७ मध्ये भारत स्वतंत्र झाला. चार वर्षांनी लंडनकर ज्या काळाच्या दिवाणखान्यात डोकावत होते, त्या काळी हिंदुस्थानातील संपत्ती आणि सैनिक दोन्ही ब्रिटनच्या दिमतीला होते. स्मरणरंजनात अशा गोष्टी सहसा दिसत नाहीत. इतिहास वाचणाऱ्याने त्या पाहायच्या असतात.

२३/
पुढे काय झाले? ऑक्टोबर १९५१ च्या निवडणुकीत सत्तापालट झाला. चर्चिल यांच्या सरकारने दक्षिण तीरावरील बहुतेक वास्तू हटवल्या. स्कायलॉनही १९५२ मध्ये उतरवला गेला. तेथे कायमचे राहिले ते रॉयल फेस्टिव्हल हॉल. आणि पूर्व लंडनच्या पॉपलर भागात उत्सवाचाच भाग म्हणून बांधलेली लॅन्सबरी ही वसाहत. बॉम्बफेकीत होरपळलेल्या वस्तीच्या जागी खऱ्या माणसांसाठी उभारलेली ती खरी घरे आजही वापरात आहेत. मेरिलबोनच्या विरोधकांना जे दाखवायला हवे होते, ते उत्सवाने अन्यत्र दाखवले होते.

२४/
होम्सची खोलीही टिकली. १९५२ मध्ये ती न्यूयॉर्कला गेली. परतल्यावर व्हिटब्रेड या मद्यनिर्मात्या कंपनीने ती घेतली, आणि १९५७ मध्ये चेरिंग क्रॉसजवळच्या नॉर्थंबरलँड स्ट्रीटवरील एका जुन्या मद्यगृहाला ‘द शेरलॉक होम्स’ हे नाव देऊन वरच्या मजल्यावर ती मांडली. जेवायला येणारे लोक काचेतून आजही ती पाहतात.

२५/
प्रदर्शनाच्या तयारीत एकत्र आलेल्या मंडळींनी १९५१ मध्येच ‘शेरलॉक होम्स सोसायटी ऑफ लंडन’ स्थापली. ती आजही कार्यरत आहे. मेरिलबोनच्या ग्रंथालयात त्यानिमित्ताने जमलेल्या साहित्यातून होम्सविषयक संग्रह वाढत गेला. डॉयल यांचे पुत्र एड्रियन यांनी १९६० च्या दशकात स्वित्झर्लंडमधील ल्यूसाँ येथील किल्ल्यात अशीच दुसरी खोली सजवली. १९९० मध्ये बेकर स्ट्रीटवर होम्सचे संग्रहालय उघडले. आज पात्रांच्या नावाने भरणारे मेळावे आणि सजवलेले उपाहारगृहांचे कोपरे सर्वत्र दिसतात. कथेतले घर पूर्ण आकारात उभे करून लोकांना आत डोकावू देण्याची रीत बेकर स्ट्रीटने फार लवकर अवलंबली होती.

२६/
ग्रंथालयाची मंडळी आणि त्यांचे विरोधक यांत चूक कोण होते? बहुधा कोणीच नाही. घर हवे असलेल्या माणसाला नुसती गोष्ट पुरत नाही, हे विरोधकांना कळत होते. आणि डोक्यावर छप्पर आल्यावरही आत विस्तव, पुस्तके आणि ऐकणारा सोबती असेल तरच त्याला घर म्हणावेसे वाटते, हे ग्रंथालयाच्या माणसांना कळत होते. वॉटसनला १८८१ मध्ये या दोन्ही गोष्टी एकाच पत्त्यावर मिळाल्या, निम्म्या भाड्यात. ५४,००० माणसे बेकर स्ट्रीटवर जे पाहायला आली, ते बहुधा हेच होते.

(धागा समाप्त)